गीतरामायण कसे घडले, आपल्यापर्यंत कसे आले

आमच्या घरी एक जुनी वही आहे. निळ्या शाईने लिहिलेली, कडा झिजलेली, मधल्या पानांवर वर्तमानपत्राची कात्रणे खळीने चिकटवलेली. माझे आजोबा दिग्रसजवळच्या एका खेड्यात प्राथमिक शाळेचे शिक्षक होते. ती वही त्यांची. १९५५ आणि १९५६ या दोन वर्षांत गीतरामायणातली गीते जसजशी हाती लागली, तसतशी त्यांनी ती या वहीत उतरून घेतली. एखाद्या गीताचे कात्रण मिळाले नाही, तर तेवढे पान कोरे सोडलेले आहे आणि वर फक्त क्रमांक घातला आहे. पुढे छापील पुस्तक हाती आल्यावर ती कोरी पाने वेगळ्या शाईने भरलेली दिसतात.

या वहीची मौज अशी, की आजोबांनी ही गीते वाचली, पाठ केली, शाळेतल्या मुलांना शिकवली, भजनी मंडळात गायलीसुद्धा. पण ऐकली मात्र नव्हती! गीतरामायण पुणे केंद्रावरून लागत असे, तेही सकाळी. पुणे ते दिग्रस हे अंतर सरळ रेषेत मोजले तरी चारशे किलोमीटरांहून अधिक. मध्यम लहरींचा स्वभाव असा, की दिवसा त्या जमिनीला धरून चालतात आणि काही अंतरावर दमून जातात. सूर्य मावळल्यावर त्याच लहरी आकाशातल्या विद्युत्भारित थरावर आपटून परत खाली येतात, आणि मग दूरदूरची केंद्रे रात्री स्वच्छ ऐकू येतात. ज्यांच्या घरी जुना रेडिओ होता त्यांना हे सांगायला नकोच. तेव्हा सकाळच्या वेळी पुणे लागणे आमच्याकडे कठीण. शिवाय मुळात गावात रेडिओ किती? शब्द आले, चाल आली नाही. मग आजोबांनी काय केले? त्यांनी आपल्याच चाली लावल्या. भजनात खंजिरीवर म्हणता येतील अशा.

आता प्रश्न असा, की आजोबा गात होते ते गीतरामायण म्हणायचे की नाही? प्रश्न साधा दिसतो, पण त्याचे उत्तर द्यायचे तर गाणे घडते कसे आणि ते लोकांपर्यंत पोचते कसे, हे दोन्ही पाहावे लागते. आज तेच आपण थोडे विस्ताराने पाहू.

आपल्याकडे गाणे रचणारा, त्याला चाल लावणारा आणि ते गाणारा हा पुष्कळदा एकच माणूस असतो. कीर्तनकार असो, शाहीर असो, त्याची कविता त्याच्याच गळ्यातून बाहेर पडते. आपल्या विदर्भातले उदाहरण द्यायचे तर तुकडोजी महाराजांचे देता येईल. भजन त्यांचे, चाल त्यांची आणि खंजिरीही त्यांच्याच हातातली. पाश्चात्य देशांत विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अशा कवि-गायकांची एक मोठी परंपरा उभी राहिली. असा गायक आपली दहाबारा गाणी एका क्रमाने स्टुडिओत मुद्रित करतो आणि लोक तो संच एखाद्या पुस्तकासारखा आरंभापासून शेवटपर्यंत ऐकतात. सुटे गाणे वेगळे आणि गाण्यांचा एकसंध संच वेगळा, हा भेद त्यामुळे लोकांच्या ध्यानात आला.

मराठीत असा एकसंध संच पाहायचा, तर प्रथम गीतरामायणाकडेच वळावे लागते. इथे कवी आणि गायक दोन होते, ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके. पण त्या दोघांचे सूर इतके जुळलेले होते, की ऐकणाऱ्याला ते एकाच माणसाचे काम वाटावे. दोघेही १९१९ साली जन्मलेले. माडगूळकर शेटफळ्याचे, माणदेशच्या कोरड्या मुलखातले. मॅट्रिकची परीक्षा त्यांना पार करता आली नाही. पण घरात आईच्या तोंडच्या ओव्या, गावात कीर्तन, भजन आणि तमाशा, अशी त्यांची खरी शाळा झाली. पुढे ते चित्रपटसृष्टीत गेले आणि कथा, पटकथा, गीते अशी सगळी कामे त्यांनी केली. फडके कोल्हापूरचे. वामनराव पाध्ये यांच्याकडे गाणे शिकलेले, गरिबीचे चटके सोसलेले, आणि पुढे चित्रपटांचे संगीतकार म्हणून नावारूपाला आलेले. योगायोग पहा, त्यांचे मूळ नावही रामच होते! गीतरामायणाला हात घालण्यापूर्वी या दोघांनी चित्रपटांसाठी पुष्कळ गाणी बरोबर केली होती. एकाने शब्द टाकावा आणि दुसऱ्याने तो झेलावा, ही सवय आधीच झालेली होती.

पुणे आकाशवाणी केंद्र सुरू झाले २ ऑक्टोबर १९५३ रोजी. केंद्र नवे, उत्साह नवा. तिथले अधिकारी सीताकांत लाड हे माडगूळकरांचे स्नेही. वर्षभर चालेल असे काहीतरी नभोवाणीसाठी लिहा, असे त्यांनी माडगूळकरांना सुचवले आणि त्यातून रामकथा गीतांत सांगण्याची कल्पना निघाली. गीते माडगूळकरांची, संगीत फडक्यांचे, आणि दर आठवड्याला एक नवे गीत.

इथे थोडा हिशेब करू. शिक्षकबंधूंना तो मुलांकडून फळ्यावर करून घेता येईल. पहिले गीत लागले १ एप्रिल १९५५ रोजी. त्या दिवशी रामनवमी होती आणि वार शुक्रवार. शेवटचे गीत लागले १९ एप्रिल १९५६ रोजी, पुढच्या रामनवमीला. आता वर्षाचे आठवडे बावन्न. मग गीते छप्पन कशी? कारण त्या वर्षी अधिक मास आला, भाद्रपद अधिक. त्यामुळे एका रामनवमीपासून दुसरीपर्यंतचे अंतर बारा नव्हे तर तेरा चांद्रमासांचे झाले. १ एप्रिल १९५५ पासून १३ एप्रिल १९५६ पर्यंत शुक्रवार मोजा, ते पंचावन्न भरतात. त्यात १९ एप्रिलची रामनवमी मिळवा, म्हणजे छप्पन्न. ती रामनवमी गुरुवारी येत होती. म्हणजे पंचांगाने कवीला चार गीते जास्त लिहायला लावली, असे म्हटले तरी चालेल.

आणखी एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. त्या काळी घरोघर वाजत त्या लाखेच्या, मिनिटाला अठ्ठ्याहत्तर फेरे घेणाऱ्या तबकड्या. दहा इंची तबकडीच्या एका बाजूला जेमतेम सव्वातीन मिनिटांचे गाणे मावे. त्यामुळे मुखडा, दोन-तीन अंतरे, की गाणे संपले. भावगीताचा आकार तसा होण्यामागे कवींची आवड होती, तशी ही तबकडीची मर्यादाही होती. अधिक वेळ वाजणारी तबकडी अमेरिकेत १९४८ साली निघाली. ती आपल्याकडे सर्वसामान्यांपर्यंत यायला बराच अवधी होता. गीतरामायणातली गीते मात्र लांब आहेत. काहींना आठ-आठ, दहा-दहा कडवी आहेत. अशी छप्पन्न गीते तबकड्यांवर काढायची कल्पना कोणत्या कंपनीने त्या वेळी उचलली असती? नभोवाणीला तबकडीची अडचण नव्हती. तिच्याकडे वेळ होता, वादक होते, स्टुडिओ होता आणि दर आठवड्याला परत येणारा श्रोता होता. म्हणून हे काम नभोवाणीवरच होऊ शकले.

आता ते घडत कसे होते ते पाहू. आठवडा म्हटला की फार वाटतो. पण त्यात गीत लिहून व्हायचे, त्याला चाल लागायची, ती गाणाऱ्याच्या गळ्यावर चढायची, वादकांची तालीम व्हायची आणि मग स्टुडिओत गायन व्हायचे. माडगूळकर चित्रपटाच्या कामात गढलेले, फडके तसेच. पहिल्याच गीताची एक आठवण पुष्कळदा सांगितली जाते. माडगूळकरांनी लिहून दिलेला कागद हरवला. वेळ तर उरलेला नाही! पुन्हा लिहायला कविराज राजी होईनात, तेव्हा लाडांनी त्यांना एका खोलीत बसवून बाहेरून कडी लावली आणि थोड्याच वेळात गीत तयार होऊन आले. आठवणीला सांगणाऱ्यागणिक थोडा रंग चढत असतो, हे खरे. पण तिच्यातला आशय खोटा नाही. ठरलेल्या वेळी गीत हवेच, ही सक्ती या रचनेमागे वर्षभर उभी होती. आपण समजतो की कवीला निवांतपणा हवा. कधी कधी त्याला दारावरची कडीही उपयोगी पडते.

या सक्तीचा शब्दांवर काय परिणाम झाला? माझ्या मते चांगला झाला. पुस्तकातली ओळ कळली नाही तर आपण मागे जाऊन ती पुन्हा वाचतो. नभोवाणीवरची ओळ एकदा निघून गेली की गेली. तेव्हा ती पहिल्या फटक्यात कळली पाहिजे, शेतकऱ्याला, स्वयंपाकघरात पोळ्या लाटणाऱ्या बाईला आणि पंडितालाही. गीतरामायणात संस्कृत शब्द थोडेथोडके नाहीत. पण ते अशा ठिकाणी बसवले आहेत, की अर्थ अडत नाही. कीर्तनकाराची ही जुनी युक्ती आहे. अवघड शब्द टाकायचा, पण त्याच्या शेजारी सोपा शब्द असा ठेवायचा, की अवघडाचा अर्थ आपोआप उलगडावा. आपल्या पूर्वजांनी काव्याचे दृश्य आणि श्रव्य असे दोन प्रकार सांगितले. छापखाना आल्यावर श्रव्य काव्य आपण डोळ्यांनी वाचू लागलो. नभोवाणीने ते पुन्हा कानापाशी आणून ठेवले.

दुसरी गोष्ट म्हणजे प्रत्येक गीत कोणा ना कोणाच्या मुखात आहे. कवी स्वतः मध्ये उभा राहून गोष्ट सांगत बसत नाही. कौसल्या बोलते, दशरथ बोलतो, गंगा ओलांडताना नावाडी गातात, रिकामा रथ घेऊन परतलेला सुमंत बोलतो, शूर्पणखा बोलते, जटायू, शबरी, हनुमान, सगळे आपापल्या जागेवरून बोलतात. यामुळे एकाच कथेत किती दृष्टी आल्या पहा! वनवास हा रामाला एक दिसतो, बापाला दुसरा दिसतो आणि नावाड्याला तिसराच. वर्गात नाट्यवाचन घेणाऱ्या शिक्षकांना यापेक्षा चांगले साहित्य शोधून सापडणार नाही.

आता चालींकडे वळू. फडक्यांचा नियम असा दिसतो, की स्वराने शब्दाच्या पुढे धावायचे नाही. पहिले गीत भूप रागाच्या अंगाने जाते. भूप म्हणजे पाचच स्वरांचा, मोकळा, लहान मुलांच्या गळ्यालाही पेलणारा राग, आणि गाणारे आहेत कुश आणि लव! शेवटचे गीत भैरवीत आहे. मैफल भैरवीने संपवायची ही तर आपली रीतच. वनात भेटायला आलेल्या भरताची राम समजूत घालतो, माणसाच्या हाती सारेच नसते असे त्याला सांगतो, ते गीत यमनकल्याणाच्या छायेत आहे. शांत, संथ, कोठेही न चढणारे. गीत लांब असले की एकच चाल सगळ्या कडव्यांना लावून भागत नाही, कान कंटाळतो. अशा ठिकाणी फडके अंतऱ्याची वाट थोडी बदलतात, पण मुखड्याशी परत येताना तुम्हांला हात धरून आणतात. साथीला मोजकीच वाद्ये. व्हायोलिनवर प्रभाकर जोग असत. शब्द झाकून टाकील असा गोंगाट नाही.

गाणारेही अनेक होते, हे आज पुष्कळांना ठाऊक नसते. रामाचा आवाज स्वतः फडक्यांचा, सीतेचा माणिक वर्मांचा. शिवाय वसंतराव देशपांडे, मालती पांडे, ललिता फडके, गजानन वाटवे, राम फाटक अशी त्या काळची नामांकित मंडळी वेगवेगळ्या भूमिकांत होती. म्हणजे नभोवाणीवरचे गीतरामायण हे अनेक गळ्यांचे होते. हा मुद्दा लक्षात असू द्या; मी पुढे त्याकडे येणार आहे.

त्याआधी रचनेबद्दल एक गोष्ट सांगितली पाहिजे. गीतरामायण सुरू होते ते रामजन्मापासून नव्हे. ते सुरू होते कथेच्या जवळजवळ शेवटापासून. राम सिंहासनावर बसला आहे, त्याच्यापुढे दोन बालके रामायण गात आहेत, आणि ती आपलीच मुले आहेत हे त्याला माहीत नाही. मग कथा मागे जाते, जन्म, विवाह, वनवास, युद्ध, राज्याभिषेक अशी सरळ चालते आणि शेवटाकडे सीतेच्या त्यागापाशी येते. शेवटून दुसरे गीत त्या टाकून दिलेल्या सीतेचे आहे. आणि शेवटच्या गीतात वाल्मीकी मुलांना सांगतात, जा, राजापुढे जाऊन हे रामायण गा. म्हणजे जिथे छप्पन्नावे गीत संपते, तिथूनच पहिले सुरू होते. वर्षापूर्वी ऐकलेले ते गोड गीत आता वेगळेच ऐकू येते. ज्याने आईला टाकले, त्याच्यापुढे तिचीच मुले त्याचे गुणगान करीत आहेत!

आणि श्रोते हो, राम त्या वेळी काय करतो आहे? तो ऐकतो आहे. घरात रेडिओपुढे बसलेला माणूस जे करीत होता, तेच. सिंहासनावरच्या राजाला आणि ओसरीवरच्या शेतकऱ्याला कवीने एकाच पंगतीला बसवले आहे. दोघांचेही काम एकच, कान देऊन ऐकणे, आणि ऐकता ऐकता आपले काय चुकले ते ओळखणे.

आपल्या यवतमाळ जिल्ह्यातल्या माणसाला तर हे अधिकच जवळचे वाटावे. राळेगाव तालुक्यात रावेरी नावाचे गाव आहे. तिथे सीतेचे स्वतंत्र मंदिर आहे. शेतकरी संघटनेचे नेते शरद जोशी यांच्या पुढाकाराने त्याचा जीर्णोद्धार झाला. गावची समजूत अशी, की टाकून दिलेली सीता इथेच राहिली आणि लवकुश इथेच जन्मले. बाळंतिणीने गावात गहू मागितले, ते कोणी दिले नाहीत, म्हणून इथे गहू पिकणार नाही असा शाप तिने दिला, असे सांगतात. इतिहासाच्या कसोटीला हे लावण्याचे कारण नाही. आपल्या बायाबापड्यांनी रामकथेतला कोणता भाग जिवाशी धरला, हे त्यातून कळते. जात्यावरच्या ओव्यांतही सीतेचा वनवास पुन्हा पुन्हा येतो. दळणारीला राज्याभिषेकापेक्षा तो अधिक ओळखीचा होता. माडगूळकर आईच्या ओव्या ऐकत वाढलेले. त्यांच्या रामायणाचा शेवट सिंहासनापाशी न होता सीतेच्या दुःखापाशी येतो, याचे मला म्हणूनच नवल वाटत नाही.

लोकांनी या गीतांचे स्वागत कसे केले, याच्या हकिकती आपण ऐकलेल्या आहेत. गीताच्या वेळी पुण्यामुंबईकडे घरोघर रेडिओभोवती माणसे जमत. कोणी रेडिओला हार घालीत, कोणी उदबत्ती लावीत. गीत लागले की पाठोपाठ ते वर्तमानपत्रांत छापून येई, आणि त्या कात्रणांवरच आमच्या आजोबांसारख्यांची गुजराण होती. १९५७ साली भारत सरकारच्या प्रकाशन विभागाने ते पुस्तकरूपाने काढले. लोकांनी माडगूळकरांना आधुनिक वाल्मीकी म्हणायला सुरुवात केली. हिंदी, गुजराती, कन्नड, कोकणी, संस्कृत अशा अनेक भाषांत त्याची भाषांतरे झाली, आणि तीही फडक्यांच्या मूळ चालींवर म्हणता येतील अशी. फडके गावोगाव गीतरामायणाचे कार्यक्रम करीत राहिले. १९७७ साली माडगूळकर गेले. १९७९ साली पुण्यात रौप्यमहोत्सव झाला तो त्यांच्या माघारी. फडके २००२ पर्यंत होते.

आणखी एक तपशील. गीतरामायण चालू होते तेव्हा आपला जिल्हा मध्य प्रदेश राज्यात होता; राजधानी नागपूर. पुणे होते मुंबई राज्यात. १ नोव्हेंबर १९५६ रोजी आपण त्या राज्यात सामील झालो आणि १९६० साली महाराष्ट्र झाला. म्हणजे राज्याची सीमा पुसली जाण्याआधीच ही कात्रणे ती ओलांडून दिग्रसला येत होती.

आता मघाचा मुद्दा. पुढे लाँग प्ले तबकड्या आल्या आणि सगळी छप्पन्न गीते फडक्यांच्या एकट्याच्या आवाजात मुद्रित झाली. तबकड्यांमागून कॅसेट आल्या, आणि आज तर सगळे गीतरामायण खिशातल्या फोनमध्ये मावते. या मुद्रणाचे उपकार फार मोठे आहेत. ते नसते तर माझ्या पिढीला गीतरामायण ठाऊकच झाले नसते. पण मुद्रिका टिकवते तसे झाकतेही. आज बहुतेकांच्या कानांत आहे तो एकच आवाज. कौसल्याही त्याच आवाजात, शबरीही त्याच आवाजात, शूर्पणखाही त्याच आवाजात. फडक्यांचा गळा एवढा समर्थ, की त्यात कोणाला काही खटकत नाही. मात्र अनेक गळ्यांचे जे रामायण १९५५ साली लोकांनी ऐकले, ते मागे पडले. गाण्याचे जे रूप तबकडीवर जाते तेच लोक खरे मानू लागतात, आणि बाकीची रूपे हळूहळू ओठांवरून उतरतात.

हे मी पुस्तकात वाचून सांगत नाही. आजोबांनी नावाड्यांच्या गीताला लावलेली चाल त्यांच्या भजनी मंडळात बरीच वर्षे चालत होती. पुढे एका रामनवमीला ते दिग्रसला आले. मंडपावर भोंगा लावलेला, आणि त्यावर फडक्यांच्या आवाजात तेच गीत लागले. आजोबा जोडे हातात घेऊन तिथेच उभे राहिले. पूर्ण गीत ऐकले. घरी येऊन म्हणाले, "आपण इतके दिवस चुकीचं म्हणत होतो." त्या दिवसापासून त्यांनी आपली चाल सोडली, मुलांनाही नवीच शिकवायला लागले. आजी मात्र ऐकेना. ती म्हणाली, "त्याईचं त्याईच्यापाशी, आपलं आपल्यापाशी." ती शेवटपर्यंत कापूस निवडताना, तुरीच्या शेंगा सोलताना जुनीच चाल गुणगुणत असे. मी लहानपणी ती ऐकली आहे. आज मला तिचा मुखडा आठवतो; अंतरा आठवत नाही. कोणी ती मुद्रित केली नाही. मीही केली नाही, आणि तेव्हा घरात टेपरेकॉर्डर होता.

मग आजोबा चुकले होते का? मला तसे वाटत नाही. फडक्यांची चाल श्रेष्ठ होती, यात वाद नाही. ती ऐकून आजोबांना आपली चाल थिटी वाटली, हा त्यांच्या कानाचा प्रामाणिकपणा झाला. पण न ऐकता, नुसत्या कागदावरून ज्या गीताला खेड्यातला एक मास्तर चाल लावू शकला, त्या गीताच्या शब्दांतच लय होती, हेही त्यातून सिद्ध झाले. कवीने शब्दांत गाणे पेरले होते. पुण्याला त्याला एक रोप फुटले, दिग्रसला दुसरे. दुसरे खुरटे असेल. पण बी तेच होते. म्हणून माझे उत्तर असे, की आजोबा गात होते तेही गीतरामायणच.

शेवटी शिक्षकबंधुभगिनींना दोन सूचना करतो आणि थांबतो. पहिली ही, की गीतरामायणातले एखादे गीत वर्गात आधी पुस्तकातून वाचून दाखवा, ऐकवू नका. मुलांना त्याला आपली चाल लावू द्या. आमच्याकडच्या तांड्यावरची मुले लेंगीची चाल लावतील, कोणी भजनाची लावील, कोणी सिनेमाची. हसू नका. मग फडक्यांची मुद्रिका लावा. आपण शब्दाचे काय केले आणि त्या थोर माणसाने काय केले, हे मुलांना तेव्हा आपोआप कळेल. संगीतावरच्या दहा व्याख्यानांनी जे साधणार नाही, ते या एका तासात साधेल.

दुसरी सूचना तुम्हां सगळ्यांनाच आहे. आज प्रत्येक घरात आवाज मुद्रित करणारे यंत्र आहे. ज्याला आपण फोन म्हणतो तेच. घरात कोणी म्हातारी ओवी म्हणणारी असेल, कोणी आजोबा डफावर लावणी म्हणणारे असतील, तर आज संध्याकाळी त्यांच्याजवळ बसा आणि यंत्र सुरू करा. गाणे पुरे होऊ द्या. मुखड्यावर थांबू नका. अंतरासुद्धा घ्या.